मास्तर गोल जिना चढतो

बर्लिनहून पॉट्सडामकडे जाणाऱ्या गाडीतून तुम्ही नॉयबाबेल्सबर्गला उतरता. साल 1929, नोव्हेंबरचा पहिला आठवडा. फलाटावर एक माणूस वर्तमानपत्र वाचतोय, आणि न्यूयॉर्कचा शेअर बाजार गेल्याच महिन्यात कोसळलाय. ती पडझड आपल्या देशाचीही अन्नान्न दशा करणार आहे, हे त्याला ठाऊक नाही. तुम्हाला आहे. पण या प्रवासाची अट एकच: बघायचं, ऐकायचं, बोलायचं नाही.

उफा कंपनीच्या चित्रनगरीत शिरा. काचेच्या भिंतींचा जुना स्टुडिओ मागे टाका. तो मूकपटाच्या काळातला, तेव्हा उजेड लागायचा. आता शांतता लागते. म्हणून समोरची नवी इमारत विटांची, जाड भिंतींची, एकही खिडकी नसलेली. मधल्या चौकाभोवती क्रूसाच्या आकारात चार स्टुडिओ, सगळे बोलपटासाठी बांधलेले, नुकतेच वापरात आलेले. दार बंद झालं की बाहेरचं जग तुटतं.

आत एक बंदरगाव उभं आहे. उतरत्या छपरांची वाकडीतिकडी घरं, अरुंद गल्ली, आणि गल्लीच्या टोकाला गाणंबजावणं चालणारा गुत्ता: 'निळा देवदूत'; चित्रपटाचं नावही तेच. कोळ्यांची जाळी, नांगर, पुठ्ठ्याचे ढग, एकमेकांना खेटलेली टेबलं. चिमुकल्या रंगमंचावर जाडजूड बायका अर्धवर्तुळात बसून बिअर पिताहेत. रंगमंचामागे तिथली गायिका लोला लोला हिची रंगपटाची खोली आणि त्या खोलीतून वर जाणारा लोखंडी गोल जिना. हे नेपथ्य ऑटो हुंटे आणि एमिल हासलर यांचं. हुंटेनेच काही वर्षांपूर्वी 'मेट्रोपोलिस' चित्रपटाचं शहर उभारलं होतं. तिथे त्याने माणसाला उंचीने चिरडलं, इथे अडगळीने.

कॅमेऱ्याची घरघर माइकने टिपू नये म्हणून कॅमेरा आणि कॅमेरामन दोघेही बंद पेटीत कोंडलेले. प्रत्येक प्रसंग दोनदा चित्रित होणार, एकदा जर्मनमध्ये आणि एकदा इंग्रजीत. आवाज मागाहून मिसळण्याची सोय जवळजवळ नाही. गाणं आत्ता, इथेच, वादकांसकट. फ्रीडरिश होलेंडरची गाणी आणि खाली बसलेली वाइनट्राउब्स सिंकोपेटर्स ही त्या काळची नावाजलेली जॅझ मंडळी. बोलपट अजून पाळण्यातला आहे. बाकीचे दिग्दर्शक हाती आवाज आला म्हणून पडदाभर बडबड आणि संगीत ओतताहेत. इथला दिग्दर्शक मात्र दाराकडे बघतोय.

योसेफ फॉन स्टर्नबर्ग. व्हिएन्नात गरीब ज्यू घरात जन्मलेला, अमेरिकेत वाढलेला, पस्तिशीचा. तो लोलाच्या खोलीचं दार उघडायला सांगतो. बाहेरचं गाणं, खुर्च्यांचा खडखडाट, दारुड्यांचा गोंगाट भसकन आत येतो. दार बंद; सगळं कापल्यासारखं थांबतं. पुन्हा उघडं, पुन्हा बंद. तुम्ही त्या खोलीत उभे राहून ऐका. ज्या माणसाला आत्ता इथे आणून बसवणार आहेत, त्याच्या डोक्यातही असंच दार आहे. आयुष्यभर ते घट्ट लावलेलं होतं.

तो माणूस आलाच. प्राध्यापक इमानुएल राट, गावातल्या शाळेत इंग्रजी शिकवणारे. दाढी, काळी हॅट, चष्मा, हातात काठी. भूमिकेत एमिल यानिंग्स. याच वर्षी मे महिन्यात ऑस्कर पारितोषिकं पहिल्यांदा दिली गेली, त्यातलं अभिनेत्याचं पारितोषिक याचं. मूकपटातला सम्राट, पण हॉलिवूड बोलू लागलं आणि याचं इंग्रजी तिथे चालेना, म्हणून मायदेशी परतला. स्टर्नबर्गबरोबर त्याने अमेरिकेत 'द लास्ट कमांड' केला होता, तेव्हा दोघांचं इतकं फाटलं होतं की पुन्हा एकत्र काम करायचं नाही असं ठरलेलं. तरी आपल्या पहिल्या मोठ्या बोलपटासाठी यानिंग्सला हाच दिग्दर्शक हवा होता. निर्माता एरिश पॉमरने ते जमवून आणलं.

आणि ती? लोलाच्या भूमिकेतली मार्लेन डीट्रिश अठ्ठाविशीच्या उंबरठ्यावर, लग्न झालेली, एका लहान मुलीची आई, बऱ्याच मूकपटांत दिसलेली आणि तरी कुणाच्या फारशी लक्षात न राहिलेली. तिला शोधलं कसं, हे बघायचं तर दोन महिने मागे सरका. सप्टेंबर, बर्लिनर थिएटर, 'दोन टाय' नावाचं संगीत नाटक. स्टर्नबर्ग हान्स आल्बर्स आणि रोझा वालेटी या दोन नटांना बघायला आलाय. दोघंही त्याच्या चित्रपटात आहेत. नजर मात्र तिसरीकडेच जाते. रंगमंचाच्या कडेला टेकून उभी असलेली एक बाई भोवती चाललेल्या गडबडीकडे जणू आपला काही संबंध नाही अशा थंडपणे बघतेय. स्टर्नबर्गने पुढे आठवणींत लिहिलं की त्याला हवी होती ती हीच अनास्था. पॉमर आणि यानिंग्स दोघांचाही तिला विरोध होता, हेही त्यानेच सांगितलं. परत या.

एक गोष्ट स्पष्ट सांगतो. ही कथा गेली नव्वदहून अधिक वर्षं एका ठरीव साच्यात सांगितली जाते: सज्जन मास्तर, नाचणारी बाई, बाईने मास्तरला नादी लावलं, मास्तर संपला. मला हा साचा खोटा वाटतो, आणि ते तुम्हाला स्वतःच्या डोळ्यांनी दिसावं म्हणूनच तुम्हाला इथे आणलं आहे. आता कॅमेऱ्याची बाजू सोडा, सरळ कथेत उतरा.

सकाळ आहे. राटची खोली: पुस्तकांचे ढीग, सिगारेटची राख, धूळ. घरमालकीण न्याहारी ठेवून जाते. तो साखरेचा खडा हातात घेऊन पिंजऱ्यापाशी जातो, शीळ घालतो. उत्तर नाही. पक्षी मेलाय. मालकीण येते, पक्षी उचलून शेगडीत टाकते. तसाही तो गात नव्हताच, असं काहीसं म्हणते. राट क्षणभर उभा राहतो आणि तोच खडा आपल्या कॉफीत टाकतो. लोलाचं तोंडही त्याने अजून बघितलेलं नाही. या माणसाच्या आयुष्यात एकच जीव होता, आणि तो कधी गायचा थांबला हे त्याच्या लक्षातही आलं नव्हतं.

मग शाळा. वर्गाच्या शेवटच्या बाकावर बसा. राट आत येतो, सगळे ताठ उभे. तो सावकाश नाक शिंकरतो, वही उघडतो, एका मुलाला उभं करून इंग्रजीचा एकच उच्चार पुन्हा पुन्हा म्हणायला लावतो. मुलाच्या दातांमध्ये पेन्सिल खुपसतो. हा छळ त्याला शिस्त वाटतो. आंग्स्ट नावाचा एक मुलगा त्याचं ऐकतो, तेही भीतीने. बाकीचे पाठ फिरताच दात काढतात. त्यांच्या पुस्तकांत लोलाची चित्रकार्डं आहेत. त्या कार्डावर पिसांचा झगा चिकटवलाय, फुंकर मारली की उडतो. राट कार्डं जप्त करतो. घरी एकटा असताना इकडेतिकडे बघून फुंकर मारतो. एकदा नाही, पुन्हापुन्हा.

मला विचाराल तर त्याचा नाश या फुंकरीतही नाही. फुंकर मारणं माणसाचंच लक्षण आहे. मुलांना जे करताना पकडलं, त्याची शिक्षा देण्याचा हक्क स्वतःकडे ठेवून तो तेच करतो, तिथे मला तडा दिसतो. तो 'निळ्या देवदूता'त जातो तोही मुलांना पकडायला, म्हणजे हुकमाच्या आडोशाने. इच्छा झाली असं स्वतःलाही सांगण्याची ताकद त्याच्यात नाही.

आता त्याच्या मागोमाग गुत्त्यात या. राट जाळ्यांत अडकतो, टेबलांना धडकतो. लोलाच्या खोलीत शिरतो, मुलं पडद्यामागे लपतात. ती त्याला हॅट काढायला सांगते. गोल जिना चढताना वरून आपला एक अंतर्वस्त्राचा तुकडा त्याच्या खांद्यावर टाकते, थट्टेने. गडबडीत एक वात्रट पोरगा तसलाच एक कपडा त्याच्या खिशात कोंबतो, आणि दुसऱ्या रात्री तो परत करण्याचं निमित्त करून मास्तर पुन्हा हजर. त्या रात्री एक जहाजाचा कप्तान पैसे फेकून लोलाची सोबत मागतो. राट त्याच्या अंगावर धावून जातो. बाईच्या अब्रूसाठी!

इथे लोलाचा चेहरा नीट बघा. तिला हसू येत नाही. तिच्यासाठी कुणी भांडल्याला जमाना झालाय, आणि ती ते मोकळेपणाने म्हणते. राटच्या हातून काही खाली पडतं, ते वेचताना टेबलाखाली त्याची नजर तिच्या पायांवर अडकते. तिला कळतं. ती रागावत नाही, गैरफायदाही घेत नाही. त्याला मानाच्या बाल्कनीत बसवतात आणि ती त्याच्याकडे बघत गाते. गाण्यात ती काहीच लपवत नाही. ती कशी आहे, तिच्याकडून काय मिळेल आणि काय मिळणार नाही, ते सगळं सांगून टाकते. बाल्कनीतला माणूस फक्त सूर ऐकतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी लोलाच्या खोलीत पिंजरा आहे, आणि त्यातला पक्षी गातोय. ती त्याला कॉफी ओतून देते, साखर विचारते. कित्येक वर्षांत कुणी विचारली नसेल. म्हातारा होत चाललेला माणूस लहान मुलासारखा खुलतो. या प्रसंगाला वासनेचं नाव देऊन मोकळं होणाऱ्यांवर माझा विश्वास बसत नाही. प्रेमाने कुणी न्याहारी वाढली तर काय होतं, हे या माणसाला पन्नाशीत पहिल्यांदा कळतंय.

पुढचं झपाट्याने घडतं. फळ्यावर मुलांनी काढलेली चित्रं, मुख्याध्यापकांची हजेरी, नोकरीचा शेवट. तो फुलं घेऊन लग्नाची मागणी घालायला येतो. लोला खो खो हसते, मग हो म्हणते. लग्नाच्या पंगतीत जादूगार कीपर्ट मास्तरच्या नाकातून अंडी काढतो. लोला कोंबडीसारखा आवाज काढते आणि राट आनंदाने कोंबड्यासारखा आरवतो. सगळे हसतात, तोही हसतो. या चित्रपटातला त्याच्या सुखाचा सर्वोच्च क्षण हाच आहे, आणि शेवटी त्याच आवाजाने त्याचा जीव जाणार आहे.

जादूगाराकडे मात्र तुम्ही फार वेळ बघू शकणार नाही. तो लठ्ठ, खणखणीत आवाजाचा नट आहे कुर्ट गेरॉन. पहिल्या महायुद्धात जर्मनीसाठी लढून जखमी झालेला. गेल्या वर्षीच 'थ्री पेनी ऑपेरा'त त्याने चाकूवाल्या मॅकीचं ते प्रसिद्ध गाणं गाऊन बर्लिन डोक्यावर घेतलं. आज तो दुसऱ्याला सर्वांसमोर बेइज्जत करण्याचा अभिनय करतोय. 1933 मध्ये त्याला ज्यू म्हणून हाकलतील. तो हॉलंडमध्ये पकडला जाईल. टेरेझिनच्या छावणीत त्याच्याकडून नाझींच्या खोट्या प्रचाराचा चित्रपट दिग्दर्शित करून घेतील आणि ऑक्टोबर 1944 मध्ये आउशविट्झमध्ये त्याला मारतील. अट आठवते ना? बोलायचं नाही. तो अंडी काढतोय, मंडळी टाळ्या पिटताहेत.

जानेवारी 1930. चित्रीकरण संपत आलंय. कथेत चार-पाच वर्षं उलटलीत. ती कशी उलटली ते स्टर्नबर्गने एकाच कृतीत दाखवलंय. मास्तर बायकोच्या केसांसाठी चिमटा तापवतो आणि तो फार तापला का हे बघायला भिंतीवरच्या दिनदर्शिकेची पानं एकेक करून जाळतो. लोलाची कार्डं कधीही विकू देणार नाही म्हणणारा हा माणूस आता तीच कार्डं टेबलाटेबलांवर विकतो. गुडघे टेकून तिच्या पायांत मोजे चढवतो. आता कीपर्टच्या खेळातला विदूषक म्हणून त्याला त्याच्याच गावी आणलंय. थिएटर खचाखच भरलंय. जुने विद्यार्थी, सहकारी, गावचे प्रतिष्ठित. पडद्याआड लोला आणि आल्बर्सने रंगवलेला नवा देखणा गडी.

कीपर्ट मास्तरच्या डोक्यावर अंडं फोडतो. आरव, म्हणतो. यानिंग्स उभा आहे. मग त्याच्या गळ्यातून जो आवाज निघतो तो ऐकताना तुमच्या अंगावर काटा येईल. नटाचा आवाज इतका उघडा पडल्याचं चित्रपटाने तोवर क्वचितच ऐकलं असेल. तो लोलाकडे धावतो आणि तिचा गळा धरतो. डीट्रिशच्या गळ्यावर त्या दिवशी खरोखरच वळ उठले, अशी हकिकत पुढे कितीदातरी सांगितली गेली. यानिंग्सला दिसत होतंच: चित्रपट त्याच्या नावाचा, मानधन त्याचं अनेकपटींनी जास्त, आणि तरी दिग्दर्शकाचा प्रत्येक दिवा दुसरीकडे वळलेला. पडद्यावर राट लोलात हरवलाय, पडद्यामागे स्टर्नबर्ग डीट्रिशमध्ये. तोही विवाहित. पुढची पाच वर्षं तो तिच्यावर आणखी सहा चित्रपट काढेल, तिचा चेहरा उजळण्याचं त्याला असं वेड लागेल की शेवटी स्वतःच्या कारकिर्दीची राख होईल. कथेतून बाहेर आलात तरी कथेची सावली स्टुडिओभर पसरलेली दिसेल.

राटला बांधून घालतात, मग कीपर्टच दया येऊन सोडतो. एवढा शिकलेला माणूस आणि एका बाईपायी, असं तो हळहळतो. जगाचं मत या जादूगाराच्या तोंडी घातलंय, म्हणून ते दिग्दर्शकाचं मत समजू नका. राट रात्री बर्फातून शाळेत जातो, आपलं टेबल दोन्ही हातांनी घट्ट धरतो आणि तसाच मरतो. पहारेकऱ्याला त्याची बोटं सोडवता येत नाहीत. मेल्यावरही त्याने धरून ठेवलं ते लोलाला नव्हे, त्या टेबलाला. ज्याने त्याला कधी माणूस होऊ दिलं नाही त्यालाच.

हाइनरिश मानच्या 1905 च्या मूळ कादंबरीत मास्तर मरत नाही; तो बाईच्या साथीने जुगाराचा अड्डा काढतो आणि गावातल्या प्रतिष्ठितांना एकेक करून बरबाद करत सूड घेतो. चित्रपटाने तो सामाजिक डंख काढला, अशी तक्रार अनेकांनी केली, आणि उफाचा मालक आल्फ्रेड हुगेनबर्ग कडवा राष्ट्रवादी राजकारणी होता हे बघता ती तक्रार पोकळ नाही. पण स्टर्नबर्गने गावावरचा सूड काढून घेतला तेव्हा शाळेचं ओझं एका माणसाच्या अंगात ठासून भरलं, आणि मला ते जास्त जिव्हारी लागतं.

1 एप्रिल 1930. कुरफुर्स्टेनडाम, ग्लोरिया पालास्ट. तुम्ही मागच्या रांगेत. दिवे लागल्यावर लोक यानिंग्ससाठी टाळ्या वाजवतात, पण डीट्रिश रंगमंचावर येते तेव्हा आवाज बदलतो. त्याच रात्री ती आगगाडीने बंदराकडे निघते, तिथून अमेरिकेला. तीन वर्षांत सगळं उधळेल. हाइनरिश मानची पुस्तकं मे 1933 मध्ये चौकात जाळली जातील, पॉमर आणि होलेंडर देश सोडतील, या चित्रपटावर बंदी येईल. यानिंग्स मागे राहील, नाझींच्या कौतुकाचे चित्रपट करील, सरकारी मानमरातब घेईल. डीट्रिश अमेरिकन नागरिक होऊन हिटलरविरुद्ध लढणाऱ्या सैनिकांपुढे गाईल.

आता एकच उडी राहिली. साल 1972, महाराष्ट्रातलं कुठलंही तालुक्याचं चित्रपटगृह. पडद्यावर व्ही. शांताराम यांचा 'पिंजरा'. संवाद शंकर पाटलांचे, गाणी जगदीश खेबुडकरांची, संगीत राम कदमांचं. जर्मन मास्तर आता धोतर नेसून गावाला शिकवतोय, भूमिकेत डॉ. श्रीराम लागू, कान-नाक-घशाची डॉक्टरी सोडून नुकतेच पूर्णवेळ नट झालेले. लोलाची झालीय चंद्रकला, तमाशाच्या फडातली, भूमिकेत संध्या. मास्तर फडाला गावातून हाकलतो, मग त्याच फडामागे वाहवत जातो. इथवर वाट तीच.

पुढे शांताराम वेगळ्या दिशेने जातात. दुसऱ्याच माणसाचं प्रेत मास्तरचं ठरतं. गाव मेलेल्या मास्तरला देवत्व देतं, आणि जिवंत मास्तर स्वतःच्याच खुनाच्या आरोपाखाली फासावर जातो, गावाची श्रद्धा मोडू नये म्हणून. चंद्रकलाही बदलते, जिने डाव टाकला तीच त्याच्यावर जीव लावते. शेजारचा प्रेक्षक डोळे पुसतोय, आणि लागूंच्या चेहऱ्यापुढे तुमचाही बांध फुटेल. माझाही फुटतो. तरी मला शांतारामांशी एका मुद्द्यावर भांडायचंय. मास्तरची माफी पुरी व्हावी म्हणून बाईला आधी दोषी आणि मग पश्चात्तापी व्हावं लागतं. लोलावर स्टर्नबर्गने यातलं काहीच लादलं नाही. ती शेवटपर्यंत उलट्या खुर्चीवर बसून तेच गाते, जे बाल्कनीतल्या राटकडे बघत गायली होती.

दुसरा फरक त्याहून महत्त्वाचा, आणि तो शांतारामांच्या बाजूने जातो. त्यांच्या मास्तरवर गावाने माया केली होती. शाळेत, चावडीवर, बांधावर त्याच्या शब्दाला किंमत होती, म्हणून त्याच्या मरणाने वाचवण्यासारखं काही उरलं होतं. राटच्या वर्गात मात्र त्याच्या जाण्याने एकही मुलगा रडला नाही.